हँडलला हात न लावता

ती. अक्का,

तुला इथूनच वाकून नमस्कार. (वाकलो असं समजून घे. सध्या कंबर वाकत नाही, त्याचं कारण पुढे येतंच आहे.) तुझे गुडघे कसे आहेत? डॉक्टरांनी सांगितलेला व्यायाम करतेस की चटई अंथरून तिच्यावर नुसता पेपर वाचतेस? आमचं इकडे ठीक चाललंय. जुई-जावयांचं घर ऑकलंडच्या अवोन्डेल भागात आहे. रविवारी जवळच बाजार भरतो आणि तिथे मेथी मिळते, त्यामुळे वनिता खुशीत आहे. मी सकाळी फिरायला जातो. वाटेत भेटेल तो 'किया ओरा' म्हणतो, मी 'राम राम' म्हणतो, दोघांचंही भागतं. हे पत्र टपालात टाकलं तर तुझ्या हाती पडेपर्यंत उशीर होईल, म्हणून जुई पानांचे फोटो काढून तुझ्या फोनवर धाडणार आहे. खुर्चीत नीट टेकून बस, चष्मा लाव आणि शेवटपर्यंत वाच. मधेच उठून मला फोन करू नकोस.

तर तू सोपवलेली कामगिरी. मी कराडहून निघताना तू बजावलं होतंस की ऋतुराज दर रविवारी त्या पुकेकोहेला कशाला जातो, व्हिडिओवर दिसतो तेव्हा त्याची कोपरं खरचटलेली का असतात, आणि बोलता बोलता दहादा जिचं नाव घेतो ती अनुराधा कोण, याचा छडा लाव. उत्तरही तूच देऊन ठेवलं होतंस: पोरगा गुंतलाय, आणि ती कांदेवाल्यांची पोरगी लग्नाआधीच त्याला शेतात राबवून घेतेय. बत्तीस वर्षं आरटीओत इन्स्पेक्टर म्हणून काढलेला माणूस मी, खोटा कागद मला वासावरून कळतो. पण हेडमास्तरीण बहिणीचं म्हणणं तपासून बघायची सवय लहानपणापासून नाही, तिथेच फसलो.

वनितेने तर तुझं म्हणणं एवढं मनावर घेतलं की सँडरिंगहॅमच्या दुकानातून पेढे आणले, नारळ आणला, स्वतःच्या बॅगेतली एक कोरी इरकल काढली, आणि म्हणाली, मुलगी पाहायला रिकाम्या हाताने जायचं नसतं. ऋतुराजला आम्ही एवढंच सांगितलं की या रविवारी आम्हालाही घेऊन चल. तो जरा गडबडला. मग म्हणाला, चला मामा, एकदा बघाच. त्याच्या आवाजावरून वनितेने ओळखलं की प्रकरण पक्कं आहे.

पुकेकोहे इथून दक्षिणेला तासाभरावर आहे. लाल माती, नजर पोचेल तिथवर कांदा-बटाटा, आणि तीन-चार पिढ्यांपासून तिथे भाजीपाला पिकवणारी गुजराती घरं. आपला ऋतुराज कांदे निवडायच्या यंत्रांची दुरुस्ती करतो, त्यातूनच त्यांची ओळख. शेडपाशी उतरलो तर गमबूट घातलेली, केसांत निम्मी चांदी असलेली एक दणकट बाई हात पुशीत सामोरी आली. वनितेने तिला वाकून नमस्कार केला, कुंकू लावलं, ओटीत (म्हणजे तिच्या रेनकोटाच्या घोळात) नारळ आणि साडी घातली, आणि गोड आवाजात विचारलं, आता मुलीला बोलावता का, अनुराधाला? बाई म्हणाल्या, अनुराधा मीच. तेवढ्यात मागून चहाचा ट्रे घेऊन एक टकले गृहस्थ आले, ते म्हणाले, मी राघव, हिचा नवरा. बाईंचं वय सत्तेचाळीस, अक्का, आणि दोन मुलगे कॉलेजात. वनितेने पेढ्यांचा पुडा माझ्या हातात कोंबला आणि जणू ही कल्पना माझीच होती अशा नजरेने माझ्याकडे पाहिलं. ऋतुराज कांदे मोजत उभा होता.

चहा झाल्यावर अनुराधाबेननी (त्यांचं पहिलं वाक्य गुजराती, दुसरं इंग्रजी, तिसरं दोन्हीचं मिळून) शेडचं मागचं दार उघडलं. कांद्याच्या पोत्यांच्या वर एक फळी, फळीवर ढाली आणि चषक, आणि खाली ती गाडी. ही बाई साइडकार मोटोक्रॉसमध्ये तीन वेळा देशाची विजेती आहे. साइडकार हा शब्द ऐकताच माझ्या डोळ्यांसमोर काय आलं सांगू? पुण्यात आमच्या साहेबांची स्कूटर होती, तिला पाळण्यासारखी साइडकार, आणि त्यात साहेबांच्या मातोश्री मांडीवर डबा आणि भाजीची पिशवी घेऊन लक्ष्मी रोडने हिंडायच्या. मी मनात म्हटलं, ठीक आहे, बाई गाडी चालवतात आणि आपला ऋतुराज शेजारी बसतो. गार वारा लागेल म्हणून वनितेने त्याला स्वतःची शाल देऊ केली.

तिथून आम्ही एका टेकडीपाशी गेलो. टेकडीच्या अंगावर खणलेली चिखलाची वाट, जागोजाग उंचवटे, एकही वळण धड नाही. लोक घडीच्या खुर्च्या टाकून निवांत बसलेले. मी सवयीने आधी गाडीची तपासणी केली. नंबरप्लेट नाही, हॉर्न नाही, आरसा नाही, दिवा नाही, इंडिकेटर नाही. आणि, अक्का, बाजूला बसायची जागाच नाही. एक पाट म्हणावा एवढी पत्र्याची फळी, दोन-तीन लोखंडी कड्या, आणि पलीकडे तिसरं चाक. मी विचारलं, बसायचं कुठे? ऋतुराज हेल्मेटचा पट्टा आवळत म्हणाला, बसायचं नसतं, मामा.

पुढचं कसं लिहावं कळत नाही. माझ्या नोकरीत हजारो माणसांना मी आठचा आकडा काढायला लावला, जमिनीला पाय टेकला की नापास. वाहन चालवणं म्हणजे काय ते मला कळतं, असं त्या दिवशी दुपारी दोनपर्यंत मला वाटत होतं. पुढचं आडवं फाटक पडलं आणि बारा गाड्या एकदम सुटल्या. जमीन पायाखाली हादरत होती. अनुराधाबेन उभ्यानेच गाडी हाकत होत्या. उजवं वळण आलं तेव्हा आपल्या ऋतुराजने स्वतःला गाडीबाहेर फेकलं. फेकलंच म्हणतो मी. एका हाताने कडी धरलेली, पाठ जमिनीपासून वीतभर, चिखल तोंडावर उडतोय, आणि त्याच्या वजनाने ते वर उठू पाहणारं चाक जमिनीला धरून राहिलं. लगेच डावं वळण. तेवढ्यात तो अनुराधाबेनच्या पाठीमागून सरपटत पलीकडच्या अंगाला जाऊन लोंबकळला. मग उंचवटा. गाडी तिन्ही चाकांनिशी हवेत, दोन माणसं हवेत, आणि मी खुर्चीतून उठून उभा, हातात पेढ्यांचा पुडा. उतरताना तो गुडघ्यात वाकला आणि गाडी अलगद टेकली. असं वीस मिनिटं. वीस मिनिटं, अक्का, तो माणूस एक क्षण बसला नाही.

मला सगळ्यांत नवल कशाचं वाटलं सांगतो. त्या बाईंनी एकदाही मागे वळून पाहिलं नाही. शेजारचा आपल्या जागी आहे की नाही हे न बघता त्या पूर्ण वेगाने वळणात शिरत होत्या, आणि तो प्रत्येक वेळी जिथे हवा तिथे असायचा. मी एवढी वर्षं संसार केला पण वनितेला न विचारता पाण्याची मोटर चालू करायची माझी छाती होत नाही. वनिता पहिल्या दोन फेऱ्या डोळे मिटून रामरक्षा म्हणत होती. तिसऱ्या फेरीपासून ती कठड्यापाशी जाऊन पुढच्या गाडीवाल्याला मराठीतून बाजूला हो म्हणून दरडावत होती. आपली गाडी पहिली आली. मी रडलो. वाऱ्याने डोळ्यांत माती गेली असं तिथे सांगितलं, तुला खरं सांगतो.

आता कमरेचं. शर्यती संपल्यावर अनुराधाबेन म्हणाल्या, आवो काका, तमे पण एक चक्कर मारो, स्वीट ॲज. (इकडे सगळंच 'स्वीट ॲज' असतं. काय स्वीट, कशासारखं स्वीट, ते कोणी सांगत नाही.) मी नाही म्हणायला हवं होतं. पण हेल्मेट डोक्यावर चढलं की माणसाला एकाहत्तर वर्षांचा विसर पडतो. गाडी बैलगाडीच्या वेगाने चालली होती, मी दोन्ही कड्या धरून फळीवर उकिडवा बसलो होतो, सगळं व्यवस्थित होतं. एवढ्यात उजवं वळण आलं आणि उजवं वळण म्हटल्यावर मी उजवा हात बाहेर काढून रीतसर इशारा दिला. बत्तीस वर्षं लोकांना तेच शिकवलं. हात सुटला, मग मी सुटलो, आणि चिखलात पालथा पडलो. लोकांनी टाळ्या वाजवल्या. कंबर लचकली आहे, मोडलेलं काही नाही. वनितेने दिलेला शेक चालू आहे.

ऋतुराज मला पाइपच्या पाण्याने धूत होता तेव्हा आमचं बोलणं झालं. तेच तुला कळवायचं आहे, बाकी सगळं मी उगाच पाल्हाळ लावलं. दाजी घाटात मोटारसायकल उलटून गेले तेव्हा हे पोर नऊ वर्षांचं. पुढे अठराव्या वर्षी तू दाजींच्या फोटोवर त्याचा हात ठेवून शपथ वदवून घेतलीस की जन्मात मोटारसायकलच्या हँडलला हात लावणार नाही. त्याने लावलेला नाही, अक्का. तीन वर्षं तो या गाडीवर आहे आणि हँडल कायम त्या बाईंच्या हातात आहे. शेडमध्येसुद्धा गाडी हलवायची झाली तर तो मागून ढकलतो. राघवभाई त्याला यावरून चिडवतात, त्यांना कारण ठाऊक नाही.

मी त्याला रागानेच विचारलं की एवढा आईला भितोस तर हे कशाला करतोस? तो म्हणाला, मामा, पुढचा माणूस गाडी पळवतो, माझं काम एकच, गाडी उलटू द्यायची नाही. एवढं बोलून तो माझ्या कानातला चिखल काढायला लागला. दाजींचं नाव त्याने काढलं नाही, मीही काढलं नाही. पण त्या रात्री घाटात दाजी एकटे होते हे तुला ठाऊक आहे, मला ठाऊक आहे आणि त्यालाही ठाऊक आहे.

आता अडचण अशी. येत्या शनिवारी देशाची अंतिम शर्यत आहे, इथून चार तासांवर. जिंकले तर बाईंचं चौथं विजेतेपद आणि आपल्या पोराचं पहिलं. आणि आपला हरिश्चंद्र म्हणतो की आता लपवाछपवी पुरे, आई सगळं कळून हो म्हणाली तरच मी गाडीवर चढेन, नाहीतर नाही. बाईंना त्याने तसं सांगितलंय. आठवड्याभरात दुसरा माणूस तयार होत नाही, म्हणजे तो नाही तर त्याही नाहीत. त्यांनी त्याला काय म्हटलं असेल? म्हणाल्या, आईचं म्हणणं ऐक, कांदे आहेतच काढायला. तुला करायचा म्हणून तो चार दिवस फोन हातात घेतोय आणि ठेवतोय. म्हणून हे पत्र. मी तुला हो म्हण असं सांगत नाही. तपासणी अधिकाऱ्याने जे पाहिलं ते लिहिलं: गाडी रस्त्यावर चालवण्यास सर्वथा अयोग्य, चालक उत्तम, बाजूचा माणूस त्याहून उत्तम.

कराडच्या सगळ्यांना आमची आठवण सांग, आणि गुडघ्यांना जप.

तुझा धाकटा,
पुरुषोत्तम

ता. क. इरकल परत मागायची वनितेला लाज वाटली. अनुराधाबेनना ती फार आवडली. वनिता म्हणते की गेल्या दिवाळीला तू दिलेलीच होती ती, तेव्हा एका अर्थी तूच त्यांची ओटी भरलीस.

ता. क. २. धोका किती, असं तू विचारशील. आहे. हाड मोडतं, खांदा निखळतो. 'काही नाही होत' असं मी लिहिलं तर तू मला लहानपणापासून ओळखतेस, लगेच पकडशील.

ता. क. ३. हे लिहावं की नाही या विचारात कालचा दिवस गेला. वर मी असं दाखवलंय की साइडकारचं मला त्या शेडमध्ये पहिल्यांदा कळलं. ते खोटं आहे. तीन वर्षांपूर्वी ऋतुराजने मला फोन करून विचारलं होतं की मामा, साइडकारमध्ये चढलं तर आईची शपथ मोडते का? मला दिसल्या साहेबांच्या मातोश्री आणि त्यांची भाजीची पिशवी. मी विचारलं, तुझ्यापुढे हँडल असतं का? तो म्हणाला, नाही. मी म्हटलं, मग बस की लेका खुशाल, तुझ्या आईला सांगायचीसुद्धा गरज नाही. सरकारी शिक्का मारावा तसं मी ते बोललो आणि विसरलो. तो विसरला नाही. परवा मी त्याला विचारलं, अरे, आईला सरळ सांगायचंस ना की मामाने परवानगी दिली. तर म्हणाला, मग तिने तुमच्याशी बोलणं टाकलं असतं. तिला माहेर म्हणून तुम्ही एकटेच उरला आहात, मामा.

तेव्हा अक्का, बोलणं टाकायचं तर माझ्याशी टाक, मी ते भोगीन. पण त्याला शुक्रवारच्या आत फोन कर. मला केला नाहीस तरी चालेल.