नीलेशच्या नावानं

मंगळवार, संध्याकाळी सात

पैठणहून नीलेशच्या मित्राचा, इम्रानचा फोन आला. "दादा, आम्ही दोघांनी गेममधी बांधलेलं गाव नीलेशच्याच कॉम्प्युटरवर हाय. तुम्ही चालू केल्याशिवाय मला आत येता येत नाय."

नीलेशला, माझ्या धाकट्या भावाला, जाऊन तीन महिने झाले. इम्राननं सांगितली तशी बटणं दाबत गेलो. सगळं नीलेशच्याच नावानं सुरू झालं, हे लक्षात आलं नाही.

इम्रान गेममधल्या गावात आला. मग फोनवर हळूच म्हणाला, "दारात उभा हाय तो. लाल जॅकेट घालून."

तो म्हणजे नीलेशचं गेममधलं पात्र, पण चालवणारा मीच होतो. चालायला गेलो तर भिंतीवर धडकलो.

"लई दिवसांनी आला ना, रस्ता विसरला," इम्रान हसला.

निघताना म्हणाला, "येतो रे."

मला तो कधी अरे-तुरे करत नाही.

गेम अजून बंद केलेला नाही. लाल जॅकेट दारातच आहे, हात किंचित हलतात, श्वास चालू असल्यासारखे. बंद करणारा मी कोण? आणि चालू तरी किती दिवस ठेवणार?

आईनं स्वयंपाकघरातून विचारलं, "कोण आलं होतं रे?"

इम्रान, म्हणालो. दुसरं नाव तोंडापर्यंत आलं होतं.