माझी निवृत्ती मला खांबावर वाचायला मिळाली

हरिशंकरपुरम, ग्वाल्हेर
मंगळवार

प्रिय शालिनीताई,

तुझ्या धाकट्या भावाचा वाकून नमस्कार घे, आणि दाजींना दोन नमस्कार सांग, एक नेहमीचा आणि एक त्यांच्या ऑपरेशन झालेल्या गुडघ्याला. (मांडी घालून जेवायला बसायची घाई करू नका म्हणावं. सोळा वर्षं गुडघ्यांवर पडून काढलेल्या माणसाचं मत आहे.) कोल्हापुरात थंडी म्हणण्यासारखी नसेलच. इथे सध्या असं धुकं पडतंय की सकाळी दूधवाल्याचा आवाज आधी येतो आणि दूधवाला नंतर. तुझ्या शाळेच्या परीक्षा कशा चालल्यात, घसा बरा आहे ना, हेही विचारतो. झाली विचारपूस. आता सांगतो की मी रागावलेलो आहे आणि पत्र संपेपर्यंत रागावलेलाच राहणार आहे. फोन केला नाही, कारण फोनवर तू तिसऱ्या वाक्याला "असू दे रे, हेमू" म्हणतेस आणि माझा राग वाया जातो. कागदाला मध्ये बोलता येत नाही.

पहिला राग तुझ्यावर आहे, तो आधी उरकून घेतो. दाना ओलीच्या आपल्या गल्लीत तुम्ही मोठी पोरं खेळायचात आणि मी सहा वर्षांचा, पळण्यात कच्चा, म्हणून दोन विटांच्या मध्ये मला कुणी उभं केलं? तू केलंस. "इथून हलायचं नाही," म्हणालीस. मी सदतिसाव्या वर्षापर्यंत हललो नाही. भोपाळला दोन वर्षं उभा राहिलो, नागपूरला एक (तो क्लब माझ्यामुळे बंद पडला नाही, हे तू दाजींना परत एकदा सांग), गोव्याला दोन वर्षं उभासुद्धा नाही, नुसता बाकावर बसलो, आणि मग अकरा वर्षं इथे आपल्या नवलश्कर क्लबात. खालच्या डिव्हिजनचा गोलकीपर म्हणजे काय असतं हे टीव्हीवर मॅच बघणाऱ्यांना कळायचं नाही. टीव्हीवर बॉल बाहेर गेला की दुसरा येतो. आमच्याकडे बॉल एकच, आणि तो आणायला गोलकीपर जातो. मध्य प्रदेशातल्या झाडून सगळ्या ग्राउंडांच्या मागचे नाले मी आतून ओळखतो. बीनाला तर जाळीला एवढं मोठं भोक होतं की बॉल गोलातून गेला की बाजूने गेला यावर पाऊण तास भांडण चाललं, आणि शेवटी रेफ्रीने मलाच विचारलं. मी खरं सांगितलं. आम्ही हरलो. त्या रात्रीच्या बसमध्ये माझ्याशी कुणी बोललं नाही, पण तेव्हा मला स्वतःबद्दल चांगलं वाटलं होतं, आणि म्हणून ते लिहून ठेवतो.

आता मुद्द्यावर येतो. गेल्या बुधवारी मी नया बाज़ारात उन्नतीच्या मिक्सरचं भांडं दुरुस्तीला टाकायला गेलो होतो. समोर विजेच्या खांबावर पोस्टर. त्यावर शामियान्याच्या झालरीसारखी नक्षी, आणि मध्ये माझा फोटो. खाली हिंदीत मोठ्या अक्षरांत, "विदाई एवं सम्मान समारोह, वरिष्ठ गोलरक्षक श्री हेमेंद्र इंगळे के संन्यास के अवसर पर." रविवारी, लीगच्या शेवटच्या मॅचच्या मध्यंतरात. ताई, मी ते तीन वेळा वाचलं. पहिल्यांदा वाटलं दुसरा कुणी इंगळे असेल. पण फोटो माझाच होता, आणि तोही कुठला, तर ज्यात मी आडवा पडलोय आणि बॉल मागे जाळीत आहे. (गोलकीपरचे सगळे फोटो असेच असतात. बॉल अडवला की फोटोवाला कॅमेरा खाली ठेवतो.) मिक्सरवाला म्हणाला, "बधाई हो, भैया, अब तो आराम है." मी भांडं त्याच्या टेबलावर ठेवलं आणि पावती न घेता निघालो. ते भांडं अजून तिथेच आहे.

तिथून तडक क्लबच्या सेक्रेटरीकडे गेलो. दिग्विजयसिंह. तू त्यांना पाहिलंयस, माझ्या लग्नात जॅकेट घालून वाढप्यांना सूचना देत होते तेच. माणूस वाईट नाही, पण त्याला कार्यक्रम करायचा भयंकर शौक आहे. मॅच म्हटलं की त्याचा चेहरा पडतो आणि समारोह म्हटलं की फुलतो. मी विचारलं, मी संन्यास कधी घेतला? तो म्हणाला, "भैया, सरप्राइज था. लड़कों ने पोस्टर जल्दी चिपका दिए." मी म्हटलं, पण मला संन्यास घ्यायचाच नाहीये, मी अजून एक वर्ष खेळणार आहे. त्याने माझ्याकडे असं बघितलं जसं मी जेवणाच्या पंगतीत मध्येच उठतोय. "अब कैसे होगा? टेंट वाले को बोल दिया है," म्हणाला. शाल आली आहे, नारळ आले आहेत, महिपतराव साहेब प्रमुख पाहुणे म्हणून यायला हो म्हणाले आहेत. मी म्हटलं, टेंटवाल्याला नको म्हणून सांगा. तो म्हणाला, टेंटवाला फार भला माणूस आहे, त्याला वाईट वाटेल. ताई, माझी सोळा वर्षं अशी संपली. एका टेंटवाल्याला वाईट वाटू नये म्हणून.

मी उठलो तेव्हा तो मागून म्हणाला, "घर पर तो सबको पता है. भाभी जी ने ही हाँ बोला था."

घरी आलो. उन्नती मटार सोलत होती. मी उभ्या उभ्याच विचारलं, "तू मला न विचारता हो म्हणालीस?"

"तुला विचारलं असतं तर तू काय म्हणाला असतास?"

"नाही म्हणालो असतो."

"मग विचारून क्या फायदा?" म्हणाली, आणि सोलत राहिली. मग मी आवाज चढवला (चढवला, कबूल करतो), तेव्हा तिने ताट बाजूला ठेवलं. "तीन वेळा तुझी बोटं मोडली. तिन्ही वेळा हॉस्पिटलात मी बसले. तिसऱ्यांदा डॉक्टरने मेरा नाम पूछा भी नहीं, सरळ लिहिलं. तुझ्या शर्टाची बटणं रोज सकाळी मी लावते, हेमेंद्र. तुला वाटतं मला हौस आहे?" यावर मी आणखी रागावलो. त्या दिवसापासून आम्ही एकमेकांशी फक्त गॅस आणि पाणी या विषयांवर बोलतो. बटणं मी स्वतः लावतो. एकेका शर्टाला नऊ मिनिटं लागतात. सध्या टी-शर्ट घालतोय.

आता रविवार. आधी हे समजून घे की मॅच साधी नव्हती. समोर जबलपूरची टीम, नर्मदा स्पोर्टिंग. आम्हाला जिंकायचीही गरज नव्हती. नुसती बरोबरी केली तरी आम्ही पहिल्यांदा वरच्या डिव्हिजनमध्ये जाणार होतो. अकरा वर्षांत पहिल्यांदा. पोरं रात्रभर झोपली नव्हती. अशा मॅचच्या मध्यंतरात, गोल शून्य-शून्य असताना, मला घामेजलेल्या जर्सीत स्टेजवर बसवलं. स्टेज साइडलाइनला लागूनच, सोफा, त्यावर पांढरी चादर. महिपतराव साहेब आता ब्याऐंशीचे आहेत, फौजेतले, देवमाणूस. ते अकरा मिनिटं हॉकीवर बोलले. ग्वाल्हेरच्या हॉकीसाठी मी जे केलं ते शहर विसरणार नाही म्हणाले, आणि शेवटी माझ्या डोक्यावर हात ठेवून म्हणाले, "स्टिक जपून ठेव बेटा." मग दिग्विजयसिंहांनी माइक घेतला. "हेमेंद्र जी हमारे बीच रहे, उनकी कमी हमेशा खलेगी." मी दोन फुटांवर बसलो होतो. मला वाटलं आता हा सगळ्यांना दोन मिनिटं उभं करणार. पुढच्या रांगेत उन्नती बसली होती, नव्या साडीत, आणि रडत होती. मला तो तिच्या रागाचाच भाग वाटला.

पंधरा मिनिटांचं मध्यंतर बत्तीस मिनिटं चाललं. रेफ्री शिट्ट्या मारून थकला. मी खाली बघतो तर आमचा दुसरा गोलकीपर, हरद्याचा अभिराम, चोवीस वर्षांचा, सहा फूट दोन इंच, माझ्या गोलात जाऊन उभा. दिग्विजयसिंह कानात म्हणाले, "अब आप बैठिए, चाय आ रही है." ताई, तिथे माझ्या डोक्यात काहीतरी झालं. मी शाल सोफ्यावर ठेवली, हार काढला आणि पळत सुटलो. रेफ्रीला विचारलं, गोलकीपर बदलल्याची चिठ्ठी आली का? तो म्हणाला, "कोई चिट्ठी नहीं आई." अर्थातच नव्हती आली. हार-तुऱ्यांच्या गडबडीत सेक्रेटरी विसरला होता. "मग कागदावर गोलकीपर मी आहे," म्हटलं. अभिराम माझ्याकडे बघत राहिला, मग ग्राउंडबाहेर गेला.

आणि मग मी खेळलो. माझ्या सगळ्या आयुष्यात मी तसा खेळलो नाही. जर्सीच्या आत झेंडूच्या पाकळ्या टोचत होत्या आणि मी एकेक बॉल असा धरत होतो जसं कुणी माझं घर लुटायला आलंय. कोपऱ्यातले दोन काढले, एक पायाने. लोक उभे राहिले. अठ्ठ्याऐंशीव्या मिनिटाला त्यांना पेनल्टी मिळाली. त्यांचा दहा नंबर खूप वेळ बॉल ठेवत बसला, पण मी त्याच्या बॉलकडे बघितलंच नाही, त्याच्या कमरेकडे बघत राहिलो. डावीकडे झेपावलो. करंगळीला लागून बॉल खांबाबाहेर गेला. अख्खं ग्राउंड ओरडत होतं, आणि चौथ्यांदा बोट मोडलं, या वेळी करंगळी, हे मला तिथेच कळलं, पण दुखत नव्हतं.

त्यानंतर एक गोल झाला. आम्ही एक-शून्य हरलो आणि वर गेलो नाही. त्याचं वर्णन मी करणार नाही.

सारांश असा, की मी फुटबॉल सोडला आहे. त्यांनी सोडवलेला नाही, मी सोडला आहे, हा फरक तू दाजींना, शेजाऱ्यांना आणि फॅमिली ग्रुपवर सगळ्यांना नीट समजावून सांग. माझ्यासमोर कुणी फुटबॉलचा विषय काढू नये. दोष पूर्णपणे क्लबचा, सेक्रेटरीचा, टेंटवाल्याचा, थोडा महिपतरावांचा आणि सुरुवातीचा तुझा आहे. मी शांत आहे. मोठ्यांना नमस्कार, लहानांना आशीर्वाद, आणि पत्र फाडू नकोस, पुढेमागे पुरावा म्हणून लागेल.

तुझा,
हेमेंद्र

ता. क. ग्रुपवर कुणीतरी व्हिडिओ टाकेलच, त्यापेक्षा मीच सांगतो. पेनल्टी अडवल्यावर बॉल कॉर्नरला गेला होता. मॅच चालू होती. मला वाटलं, हीच वेळ आहे. मी गोल सोडून स्टेजकडे पळत गेलो, दिग्विजयसिंहांच्या समोर उभा राहिलो, मोडकी करंगळी त्यांच्या तोंडासमोर धरली आणि म्हणालो, "लिहून घ्या, मी संन्यास घेतलेला नाही." ते माझ्याकडे बघत नव्हते. माझ्या मागे बघत होते. मी वळलो तेव्हा जबलपूरवाल्यांनी कॉर्नर मारून बॉल आत टाकलेला होता. आमचा स्टॉपर, म्हणजे बचावातला मधला खेळाडू, एकटा गोलात उभा होता, दोन्ही हात मागे धरून, कारण त्याला बॉलला हात लावता येत नाही.

ता. क. दुसरी. त्यानंतर मला कुणी एक शब्द बोललं नाही, आणि त्याचाच मला सर्वांत जास्त राग आला होता, असं काल रात्रीपर्यंत वाटत होतं. शामियान्यात सगळे बूट काढत बसले होते. अभिराम माझ्याजवळ आला, माझा ग्लव्ह हळूहळू बोटांवरून ओढून काढला आणि सुजेवर गार पाणी ओतलं. त्याच्या हाताला टाके होते, सरावात लागलेल्या जखमेचे, आणि मला ते कधीचे आहेत हेसुद्धा माहीत नव्हतं. तो दोन वर्षं बाकावर आहे. मी गोव्याला दोन वर्षं होतो तेव्हा तिथल्या म्हाताऱ्या गोलकीपरबद्दल रोज काय विचार करायचो ते मला आठवतं. पंचेचाळीस मिनिटं त्याची होती.

ता. क. तिसरी, आणि खरं काम हे आहे. शाळेत माझे सगळे माफीनामे तूच लिहून द्यायचीस, बाबांच्या सहीसकट. मला सोळा जणांना एक पत्र लिहायचं आहे, टीमला, आणि त्यात अभिरामचं नाव वेगळं. (उन्नतीचं मी स्वतः बघतो. आज सकाळी शर्ट घालून तिच्यासमोर जाऊन उभा राहिलो. तिने बटणं लावली, बोलली नाही, पण लावली.) हिंदीत नको, मराठीत लिही, म्हणजे मला ते नीट समजेल, हिंदी भाषांतर मी करीन. राग मला पानंच्या पानं लिहिता येतो, ते तू वाचलंसच. माफीचं काल रात्रीपासून एवढंच झालंय: "मित्रांनो, गोल रिकामा होता, कारण मी तिथे नव्हतो." पुढचं सुचत नाही.