मल्हारीरावांचा उडोन-दौरा

१८ जानेवारी, रविवार

भाकरी मोडता मोडता हे म्हणाले, "मार्चमधी जपानला जाऊन येऊ. चार दिवस. ताकामात्सु म्हणून गाव हाय. तिथला उडोन लय भारी असतो म्हणे."

मी वाटी खाली ठेवली. यांनी जन्मभर एसटी चालवली, पण स्टँडवरचा वडा कधी तोंडात घातला नाही. डबा घरचाच लागायचा. आणि आता जाड शेवया खायला समुद्र ओलांडणार!

बरं, एवढ्या मोठ्या जपानात गाव कोणतं सापडलं? नेमकं आमची लेक संजना राहते ते.

चेहरा सरळ ठेवला. म्हटलं, जाऊ की.

१९ जानेवारी

इथेच लिहिते, कारण घरात हे कुणी बोलत नाही.

दोन वर्षांपूर्वी संजना नर्सिंग करून तिकडच्या वृद्धाश्रमात नोकरीला गेली. आमची एकुलती एक. जायच्या आधी हे म्हणाले होते, "परक्यांची म्हातारी सांभाळायला चालली. आमची कोण सांभाळणार?" ती म्हणाली, "तुम्ही म्हातारे तर व्हा, पप्पा, मग बघू." चेष्टेनं म्हणाली. यांना लागलं. तिला सोडायला विमानतळावर आले नाहीत. तेव्हापासून बापलेकीचं एकमेकांशी सरळ बोलणं नाही. सगळं माझ्यामार्फत.

म्हणून हा उडोन.

२५ जानेवारी

दिवसभर मोबाईल. रित्सुरिन नावाची बाग बघून झाली — तळी, पूल, पाइनची झाडं. किल्ला बघून झाला. खंदकात समुद्राचं पाणी येतं म्हणे, तेही मला दोनदा सांगून झालं.

सगळ्यात जास्त वेळ बसवर गेला. ओसाकाच्या विमानतळावरून ताकामात्सुला बस जाते, समुद्रावरच्या पुलांवरून. हे व्हिडिओ थांबवून थांबवून ड्रायव्हरचे हात बघत होते. पांढरे हातमोजे. "आपण चांदवडचा घाट उतरलो उघड्या हातानं," म्हणाले. पण आवाजात हेवा होता, मला कळतो तो.

संजनाचं नाव एकदाही नाही. पुलाची लांबी मात्र पाठ.

१ फेब्रुवारी

मोठा शोध लागला! तिथल्या उडोनचा रस्सा सुकवलेल्या बारीक मासळीचा करतात.

हे स्वयंपाकघरात आले ते विजयी मुद्रेनंच. "म्हंजे सुकटीचं कालवण! आपलंच हाय की सगळं."

मग दोन पेन्सिली घेऊन मॅगी खायला बसले. निम्मी मॅगी बनियनवर. मी हसले नाही. भांडी घासताना हसले.

३ फेब्रुवारी

शाळेत शकीलाला सांगितलं. आमच्या ऑफिसात ती एकटीच, जिला सगळं ठाऊक आहे. म्हणाली, "मल्हारीभाऊंना सांग, उडोन तर नाशकातही कुठेतरी मिळेल." म्हटलं, नको गं. खरंच मिळाला तर बिचाऱ्यांची पंचाईत होईल.

८ फेब्रुवारी, रविवार

संजनाचा व्हिडिओ कॉल. नेहमीप्रमाणे हे समोर आले नाहीत. फ्रीजच्या आडोशाला उभे. फक्त कोपर दिसत होतं.

"विचार तिला," कोपर म्हणालं, "मार्चमधी थंडी असती का."

मी विचारायच्या आधीच ती म्हणाली, "मम्मी, सांग त्यांना, स्वेटर आणा म्हणावं."

"सांग तिला, हाय स्वेटर."

"सांग, जाड आणा."

मी मधे बसून होते. दोघांना एकमेकांचं स्वच्छ ऐकू येत होतं. तरी दोघंही थांबले, मी बोलेपर्यंत. शेवटी मीच म्हटलं, जाड आणा. मग दोघांनाही बरं वाटलं.

ठेवताना ती हळूच म्हणाली, पप्पा बारीक झालेत का गं? कोपरावरून ओळखलं पोरीनं.

१४ फेब्रुवारी

बूट घेतले. निळे, मऊ. घरातच घालून फिरतेय.

मलाही जायचंय, हे लिहायचं राहूनच गेलं. यांची गंमत करता करता माझं राहतं. मला तिची खोली बघायची आहे. ती पडदे लावते की नाही. सकाळी काय खाते. आश्रमातल्या ज्या आजीला ती रोज आंघोळ घालते, जी तिला स्वतःच्या मुलीच्या नावानं हाक मारते, ती आजी बघायची आहे. आणि पोरीच्या डोक्याला तेल लावायचं आहे. बाकी बाग-बिग ठीक.

२० फेब्रुवारी

यांचा व्हिसा आला, माझाही आला. यांचं तिकीट काढलं. माझं रजेवर अडलंय. मार्चअखेर, परीक्षा तोंडावर. मोठ्या बाईंनी अर्ज ठेवून घेतला. म्हणाल्या, बघते.

रजा नाही मिळाली तर, असं मी नुसतं म्हटलं, तर यांचा चेहरा उतरला. "मला एकट्याला तिथं कोण वळखतंय? भाषा येत नाय, काय नाय." नामपूरची शेवटची गाडी डोळे मिटून नेणारा माणूस!

२७ फेब्रुवारी

शाळेतून आले तर घरभर फोडणीचा वास. हे चिवडा करत होते. जपानला न्यायला. एवढा कशाला म्हटलं.

"वळखीचं कुणी भेटलं तर."

"ताकामात्सुत तुमच्या ओळखीचं कोण?"

कढईत बघत राहिले. "असतंय कुणीतरी."

खोबऱ्याचे काप जास्त घातले होते. आमच्या घरात चिवड्यातलं खोबरं वेचून कोण खायचं, हे मला माहीत आहे. आज चेष्टा सुचलीच नाही.

१ मार्च, रविवार

पुन्हा कॉल. पुन्हा फ्रीज. संजनानं चारही दिवस ठरवले आहेत. सकाळी उडोन, मग बाग, दुसऱ्या दिवशी बोटीनं बेटावर. ती रजा घेणार आहे.

"मम्मी, पप्पांना विचार, उडोन गरम खाणार की गार."

"सांग तिला, गरम."

मी सांगितलं. आणि एकदम सगळं डोळ्यांसमोर आलं. उडोनचं दुकान. तीन वाट्या. मी मधल्या खुर्चीवर. विचार तिला, खारट हाय का. सांग त्यांना, सोया सॉस कमी घाला. बागेत मी मधे, बोटीत मी मधे. समुद्र ओलांडून जायचं आणि तिथेही फ्रीज मीच.

मी आहे तोवर या दोघांना गरज काय आहे बोलायची?

४ मार्च

तीन दिवस डोक्यात तेच. शकीलाला सांगितलं. ती बराच वेळ स्टेपलरशी खेळत बसली. मग म्हणाली, "तुला किती जायचंय ते मला दिसतंय." एवढंच. सल्ला दिला नाही. दिला असता तर बरं झालं असतं.

बूट खोक्यात ठेवले. परत काढले. परत ठेवले.

६ मार्च, शुक्रवार

रजा मंजूर झाली. घरी येऊन सांगितलं, नाही झाली.

हे खुर्चीतच बसले. "मग मी रद्द करतो."

"करा. पण संजनानं रजा घेतलीय. तिला तुम्हीच सांगा."

फोन लावला, यांच्या हातात दिला, आणि दार ओढून घेऊन खाली उतरले.