पहिला नंबर कोणत्या भागाचा

अण्णा, सिनेमांना नंबर लावायची तुमची सवय मला लागली, आणि तिच्यासोबत तुमच्यावरचा रागही अंगात राहिला. भोकरदनला आपल्या ओसरीवर रविवारी शाळेतले मास्तर जमायचे. त्या इंग्रजी हेराच्या सिनेमाचा नवा भाग आला की तुम्ही जालन्याला जाऊन पाहायचात आणि येऊन सांगायचात, कोणता भाग वर चढला, कोणता खाली घसरला. तुम्ही इंग्रजीचे मास्तर, म्हणून शेवटचा शब्द तुमचा. एकदा आई माहेरी कुंभार पिंपळगावला गेली होती. दहावीतल्या पोरीला घरी एकटी कशी ठेवायची, म्हणून मला सोबत नेलंत. मध्यंतरात भजी घेतली. शेजारच्या माणसाला म्हणालात, "हिला समजावून सांगावं लागत न्हाई. इंग्रजी येतं तिला." त्या वाक्यावर मी कितीतरी दिवस तरंगत होते.

पुढच्या रविवारी तुम्ही त्या भागाला चौथा नंबर देता. मी चहा घेऊन उभी आहे. "अण्णा, हा पहिला पाहिजे," मी म्हणते. "यात हेर नुसता पळतो. गद्दार कोण, ते कचेरीतली टायपिस्ट ओळखते." मास्तर लोक हसतात. तुम्ही हसत नाही. "तुला काय कळून राह्यलंय त्यातलं? कप ठेव अन् आत जा."

दिवाळीनंतर त्याच ओसरीवर तुमचा आवाज आला, "मी फेरविचार केला. पहिला नंबर ह्याच भागाचा. खरी हेर ती टायपिस्ट आहे." गणिताचे मास्तर म्हणाले, "वा सर! हे आमच्या ध्यानातच आलं न्हाई." मी आत भाकरी थापत होते. आईनं माझ्याकडं पाहिलं आणि चुलीत लाकूड सारलं.

तेवढं मी सोडून दिलं असतं. पण बारावीनंतर मी औरंगाबादच्या कॉलेजचं नाव काढलं, तर म्हणालात, "एवढं शिकलीस तर मंग तुझ्या तोलाचा पोरगा कुठून आणू?" माझं डोकं किती चालतं, हे तुमच्याइतकं कोणाला ठाऊक होतं? त्याच उन्हाळ्यात तीर्थपुरीला मला देऊन मोकळे झालात. पुढं सासरी केबल आली. दुपारी गहू निवडता निवडता मी एकेक भाग पाहिला, मनातल्या मनात नंबर लावले. विचारायला कोणी आलं नाही.

तुम्ही अंथरुणाला खिळलात तेव्हा मी धीर करून विचारलं, "अण्णा, ती टायपिस्टची गोष्ट पहिल्यांदा कोण बोललं होतं?" तुम्ही माझ्याकडं नीट पाहून म्हणालात, "कोणती टायपिस्ट?" खोटं बोलला असतात तर बरं झालं असतं. तुम्ही खरंच विसरला होतात.

तुम्ही गेलात, आता त्या हेराचं काम करणारा नटही बदलला. परवा नवा भाग लागला, मी एकटीच जाऊन पाहून आले. भिकार आहे, सगळ्यांत शेवटचा नंबर. थेटराबाहेर आल्यावर हे कोणाला तरी सांगावंसं वाटलं आणि तुमच्याशिवाय दुसरं माणूस आठवेना. हे पत्र कुठं जायचं नाही, म्हणून कबूल करते.