अनसूयेच्या जागेची पट्टी

सोलापूर,
३ फेब्रुवारी १९३४

प्रिय अनसूया,

तू यंदा पहिल्यांदाच स्वतः हुबळीहून मनिऑर्डरने पाठवलेली जागेची पट्टी म्युनिसिपालिटीने 'मालकाने भरली आहे' म्हणून परत केली, आणि तू विचारतेस, मालक तर मी, मग हा दुसरा कोण? ते शोधायला मला लांब जावं लागलं नाही. आत्ताच त्या मालकाला दुसरा चहा देऊन आले. आमच्या घरचेच.

चौदा वर्षांपूर्वी, नवरा गेल्यावर तू मास्तरीण व्हायला हुबळीला निघालीस, तेव्हा स्टेशनावर मीच म्हटलं होतं, तुझ्या आण्णांनी तुझ्या नावे केलेल्या जागेची काळजी करू नकोस, पट्टी हे भरत जातील. मोठेपणा माझा, पायपीट यांची. पहिल्या दोन वर्षांच्या पावत्यांवर नाव तुझं, आणि खाली 'हस्ते' म्हणून यांचं. तिसऱ्या वर्षी पाडव्याला यांनी जागेला कुंपण घातलं. मला वाटलं, शेरडं शिरतात म्हणून. त्याच वर्षीच्या पावतीवरून तू नाहीशी झालीस आणि हे 'हस्ते'मधून उठून मालकाच्या ओळीत जाऊन बसले. कारकुनाला काय, पट्टी आली की झालं. तीस वर्षांच्या नोकरीत यांना इतक्या झटपट मिळालेली बढती ही एकच.

तुझं पत्र आल्यावर मी विषय काढला. हे म्हणाले, "तिला काय कमी आहे? आणि बारा वर्षांची वहिवाट आहे आपली." मग त्या दोन जुन्या पावत्या काढून मला दिल्या, बंबात घालायला. एरवी मी आज्ञाधारक. त्या दिवशी पाणी नुसत्या शेणींवर तापलं.

दुपारी जागेवर गेले. तिथे नागव्वा शेणी थापते आणि यांना भाडं देते. तिला विचारलं, जागा कुणाची, ठाऊक आहे का? हात न धुताच म्हणाली, "मला इचारता व्हय? अनसूयाताईंच्या आण्णांनी हितं हीर खणली, तवा माती मीच वाहिली की. भाडं सायबास्नी देते, पर जागा त्यांची न्हाय." कोर्टात सांगशील? "तुमी पुढं हुबं ऱ्हात असाल तर सांगते." आणि माझ्याकडे बघत राहिली. मी विचारायला गेले होते, आणि उत्तर मलाच द्यायचं होतं.

म्हणून हे पत्र. येत्या पाडव्याला कुंपणाला बारा वर्षं भरतात. त्यानंतर कोर्टसुद्धा तुझं ऐकणार नाही. शेजारच्या वकिलांना मी दुसऱ्या कुणाचं म्हणून विचारून घेतलं आहे. दीड महिना हातात आहे. ये आणि दावा लाव. त्या दोन पावत्या सोबत पाठवते आहे. नागव्वा साक्ष देईल, तिच्या आधी मी देईन. मग या घरात मला बसायला जागा किती उरते ते मी बघेन. नाहीच उरली तर तुझ्या जागेत विहिरीच्या काठी एक पाट मांडून ठेव. दाव्यात प्रतिवादीचं पूर्ण नाव लागेल. ते मी जन्मात एकदाच घेतलं, लग्नात, उखाण्यात, तेही बायकांनी दार अडवलं म्हणून. आज कुणी अडवलेलं नाही. लिहून घे : कमलाकर गंगाधर मोहोळकर.

तुझीच आणि तुझ्याच बाजूची,
प्रभा