एकशे सतरावी फाइल

सोमवार, ३

...आणि तिसऱ्या फाइलचं नाव बदललं तसा प्रोग्राम बोंबलला. मी हसलो. मास्तरही हसले. पहिल्याच दिवशी तीन ओळखल्या: एक छपाईची, एक तारखांची, एक पेशंटच्या फोटोंची.

इस्पितळाच्या वॉर्डांचा प्रोग्राम बावीस वर्षं जुना; खाटांशेजारचे पडदे, धोक्याचे भोंगे, सगळं त्याच्यावरच चालतं. तो लिहिणारी कंपनी कधीच बुडाली. फोल्डरमध्ये तीनशे चाळीस फाइली, नावं म्हणजे नुसती अक्षरं आणि आकडे. एकेक फाइल पाच-सहा प्रोग्राम वाटून वापरतात, त्यामुळे कुठली कशाची, कोणालाच ठाऊक नाही. नव्या मशीनवर जाण्याआधी यादी हवी. मास्तर म्हणजे इथले सगळ्यांत जुने प्रोग्रामर. त्यांची पद्धत सोपी. फाइलचं नाव बदलायचं, सगळं चालू करायचं, कोण ओरडतं ते बघायचं. कोणीच ओरडलं नाही तर ती मेलेली. मेलेल्या शुक्रवारी पुसायच्या. चाचणीसाठी वेगळं मशीन नाही का, असं मी विचारलं. ते म्हणाले, बावीस वर्षं मागतोय, तूही माग.

नोकरीमुळे बाबांना तिसऱ्या मजल्यावर खाट मिळाली. ऑक्सिजन लावलाय. उशी कडक, सिस्टर खाष्ट, मुलगा बिनकामाचा, असं सगळं त्यांनी दहा मिनिटांत ऐकवलं. मला बरं वाटलं.

बुधवार, ५

एकशे सोळा झाल्या. एकशे सतरावीला कोणी ओरडलं नाही. पुढचीलाही नाही. संध्याकाळपर्यंत सलग तीस मेलेल्या. मास्तर म्हणाले, तुझा हातगुण चांगला आहे.

शुक्रवार, ७

त्रेसष्ट मेलेल्या पुसल्या. प्रोग्राम कुरकुर न करता चालतोय. वॉर्डातले भोंगेही दोन दिवस वाजलेले नाहीत. सिस्टर म्हणाल्या, तुम्ही आल्यापासून डोकं शांत आहे, राहा इथेच.

सोमवार, १०

प्रिंटरमध्ये कागद नव्हता. पडद्यावर आलं: छापलं.

मी छपाईची फाइल मुद्दाम काढली, पहिल्या दिवशी बोंबललेली. प्रोग्राम चालू केला. कोणी ओरडलं नाही.

एकशे सतरावी ओरडण्याचीच फाइल होती. सगळ्यांच्या वतीने तीच ओरडायची. तिच्यानंतरच्या एकाही चाचणीला अर्थ नाही.

मास्तरांना सांगितलं. त्यांचा चेहरा उतरला. म्हणाले, बॅकअपमधून परत आण, आत्ता. आणली. पडद्यावर: यशस्वी. फोल्डर उघडला. फाइल नाही. पुन्हा आणली. यशस्वी. अकरा वेळा.

मंगळवार, ११

सकाळी वर गेलो. बाबांची नखं निळी. खाटेशेजारच्या पडद्यावर ऑक्सिजन अठ्ठ्याण्णव. त्यांच्या बोटाला लावलेला, ऑक्सिजन मोजणारा चिमटा सोडवून नुसता हवेत धरला. तरी अठ्ठ्याण्णव.

सिस्टरना दाखवलं. त्यांनी पडदा पाहिला, नखं पाहिली आणि म्हणाल्या, बरे आहेत की.

बाबांना विचारलं, दम लागतोय का. म्हणाले, छान आहे. उशी? छान. सिस्टर? फार गुणी. मुलगा? त्यांनी माझ्याकडे बघून मान हलवली. छान.

माझे बाबा असं बोलत नाहीत.

बुधवार, १२

मास्तर म्हणाले, कसली फाइल? सगळं चालू आहे की. कालपर्यंत घाबरलेला माणूस. हसत होते.

डॉक्टरांना जिन्यात गाठलं. बाबांना श्वास घेता येत नाही, असं म्हणायला तोंड उघडलं. आवाज निघाला: सगळं ठीक आहे. पुन्हा प्रयत्न केला. पुन्हा तेच. त्यांनी माझी पाठ थोपटली आणि उतरून गेले.

बाबांना दुसरीकडे हलवायला गाडी मागवली. फोनवरच्या बाईंनी विचारलं, पेशंटला काय होतंय. मी म्हणालो, काही नाही.

लिहिता येतंय तोवर लिहितो. तिसरा मजला, खिडकीजवळची खाट. जो कोणी वाचेल त्याने पडद्याकडे बघू नये, माणसाकडे बघावं. त्यांना हवा पुरत—

ठीक आहे.

नाही. मला लिहायचं होतं की बाबा—

छान—

गुरुवार, १३

सकाळी सात वाजता बाबांना चादरीत गुंडाळून खाली नेलं. आठला त्या खाटेवर दुसरा पेशंट आला. पडद्यावर अठ्ठ्याण्णव. मी साडेनऊला कामावर गेलो. कोणाची काही तक्रार नाही.