न जुळलेल्या चिठ्ठ्या

आई,

काल आपल्या नाशिकच्या, उपनगर भागातल्या घरात शेवटची बैठक झाली. पुढच्या महिन्यात बिल्डिंग पाडणार आहेत, आणि पाडायच्या आधी त्या जागेत एकदा ऐकत बसायचं हा आपल्या ऐकणाऱ्यांच्या मंडळीचा रिवाज तुझ्याच काळातला. सामान सगळं हललंय. ओटा तेवढा आहे आणि खिडकीखाली फोडणीचे पिवळे डाग, तू घासून घासून न गेलेले. मंडळीत आता आम्ही पाचजण उरलोय. माझ्याबरोबर बसायला आमच्यातली एक नर्स आली होती. पाठीला पाठ लावून खुर्च्या मांडल्या, चारला पाच कमी असताना मोबाइल बंद केले आणि बसलो. साडेचारला चिठ्ठ्या उघडल्या. तिची 'काही नाही', माझीही 'काही नाही'. जुळल्या म्हणून नोंद झाली. आपल्या स्वयंपाकघराची मंडळीच्या कागदांत एवढीच नोंद राहणार. घरी आल्यापासून तुला लिहायला बसलेय, कारण एक गोष्ट तुला सांगायची राहिली आणि तिच्यापायी तू शेवटची नऊ वर्षं फुकट जळत राहिलीस.

टेलिफोन एक्स्चेंजमध्ये होतीस तेव्हा माणूस हॅलो म्हणायच्या आधी नुसत्या श्वासावरून तू त्याला ओळखायचीस. त्या कानांमुळेच भद्रकालीतल्या टेलरचाचांनी तुला मंडळीत ओढलं. त्यांच्या दुकानामागच्या खोलीत सगळे जमायचे. शेजारणी विचारायच्या तर तू 'ध्यानाला जाते' म्हणून मोकळी व्हायचीस. इगतपुरीचं विपश्यना केंद्र इतकं जवळ, कोणाला शंकासुद्धा यायची नाही. मंडळीचं म्हणणं साधं होतं. एखाद्या जागी जे रोज घडत आलं त्याचा आवाज तिथे मागे राहतो आणि पुढे कधीतरी, माणसं गेल्यावर, परत उमटतो. कोणाला बोलवायचं नाही, काही विचारायचं नाही. नुसतं ऐकायचं, आणि दोघांनी एकमेकांना न सांगता तेच ऐकलं तर लिहून ठेवायचं. एकट्यानं ऐकलेलं धरत नाहीत.

मला तू पहिल्यांदा नेलंस ते तांबट आळीतल्या एका कुलूप लागलेल्या घरात, जिथली भांड्यांची ठोकाठोक कधीच थांबली होती. मी विशीतली, अंग चोरून बसलेली, आणि दहा मिनिटांत म्हणाले, आला आवाज. तू तिथल्या तिथे झापलंस. "ऐकायला बसलीस का वाट बघायला? वाट बघणाऱ्याला काय पण ऐकू येतं." पुढे मला मंडळीत घेतलं त्या दिवशी तू तुझी मऊ पेन्सिल माझ्या हातात ठेवलीस. पेन कागदावर करकरतं, त्यानं दुसऱ्याचं ऐकणं मोडतं, म्हणून आपल्यात पेन चालत नाही. त्या पेन्सिलीनं मी वर्षानुवर्षं 'काही नाही' एवढंच लिहीत राहिले. मला जवळजवळ कधीच काही ऐकू आलं नाही, आणि तुला आठ दिवसांआड यायचं. मला त्याचा हेवा वाटायचा. रिक्षातून येताना तू समजूत काढायचीस, "नाय येत तर नाय येत. खरं लिहितेस, तेवढं पुरे."

मग दादाचं झालं. पप्पा गेल्यावर घरात आपण तिघंच होतो आणि त्याची सातपूरची नोकरी लागली तेव्हा तू कॉलनीभर पेढे वाटले होतेस. ती त्यानं तुला न विचारता सोडली. सकाळी तू पोळ्या लाटता लाटता त्याला म्हणालीस, "तुझं तोंड दाखवू नको मला." तो न जेवता गाडी काढून गेला आणि पेठ रोडच्या घाटात एका वळणावर अपघातात गेला. ते वाक्य तू नंतर कधी उच्चारलं नाहीस. पण पोळपाट काढलास की तू थोडा वेळ नुसती उभी राहायचीस, ते मी बघायचे.

सहा महिन्यांनी तू सांगायला लागलीस की चार वाजता चिवड्याच्या डब्याचं झाकण वाजतं. फर्स्ट शिफ्टहून तो चारला घरी यायचा आणि आधी तो डबा उघडायचा, झाकण ओट्यावर आपटून, आणि तू आतून ओरडायचीस, हात धू आधी. स्वतःच्या राहत्या घरात बसायचं नाही असा मंडळीचा दंडक. चाचांनी तुझ्यासाठी तो मोडला. शेजाऱ्यांना वाटावं की ब्लाउजची मापं घ्यायला आलेत, म्हणून गळ्यात टेप अडकवून आले.

खुर्च्या पाठीला पाठ. चाचा दारात. मी कान देऊन बसलेय. खालच्या मजल्यावर कुकर होतोय, नाशिकरोडकडून गाडीचा भोंगा येतोय, बाकी काही नाही. आणि माझ्या मनात एकच घोळतंय, तू तर 'झाकण' लिहिणारच. मी 'काही नाही' लिहिलं तर चिठ्ठ्या जुळणार नाहीत, तुझं ऐकणं खोटं ठरेल आणि दादा तुझ्या हातून दुसऱ्यांदा जाईल. मी लिहिलं, 'डब्याचं झाकण, ओट्यावर, एकदा.'

चाचांनी आधी माझी वाचली. मग तुझी उघडून त्यांनी दोन्ही शेजारी शेजारी धरल्या. तुझ्या चिठ्ठीत 'काही नाही' होतं. महिनोन् महिने रोज ऐकणारी तू, त्या दिवशी ऐकायला म्हणून बसलीस, नाही ऐकू आलं, तर तसंच लिहिलंस.

"बहेनजी, जमत नाही. नोंद नाही होणार," चाचा म्हणाले.

"नका करू नोंद," तू म्हणालीस. "पोरीनं ऐकलंय. ती खोटं नाय लिहीत."

त्या दिवसापासून तू मंडळीत गेली नाहीस. झाकणही तुला परत कधी ऐकू आलं नाही. रोज चारला ओट्याशी बसून माझ्या तोंडाकडे बघायचीस, "आज?" मी कधी नाही म्हणायचे, कधी हो. हो म्हटलं की तुझा चेहरा उजळायचा आणि लगेच पडायचा. शेवटी हॉस्पिटलमध्ये माझा हात धरून विचारलंस, "तुला येतं, मला का नाय?" मी म्हटलं, तुझे कान थकलेत. तू मान हलवलीस. "कान नाय थकले गं. राग नाय गेला त्याचा. बोलायचं नाय त्याला माझ्याशी." दोन दिवसांनी तू गेलीस, हेच मनात घेऊन. मी उशाशी होते आणि गप्प बसले.

याला आता चौदा वर्षं झाली. हे पत्र मंडळीच्या कागदांत ठेवता येणार नाही, तिथे दोघांनी ऐकलेलंच ठेवतात. आणि तुझ्यापर्यंत तर ते जाणारच नाही. तरी लिहिते. मला त्या दिवशी काही ऐकू आलं नव्हतं. नंतर ज्या ज्या दिवशी हो म्हणाले, तेव्हाही नाही. तो तुझ्यावर रुसला नव्हता आई, तो आलाच नव्हता. तुझ्या काळजीपोटी मी खरं सांगितलं नाही, असं आजवर स्वतःला बजावत आले. काल त्या रिकाम्या स्वयंपाकघरात ते टिकलं नाही. चाचांनी माझी चिठ्ठी वाचली तेव्हा तू खुर्चीत वळून माझ्याकडे बघितलंस, तसं आधी कधीच बघितलं नव्हतंस. जन्मात पहिल्यांदा माझे कान तुझ्यापेक्षा तिखट ठरले होते, आणि मला ते आवडलं होतं.